गावकीची भांडी : संगणकाला जाळ्यात आणणाऱ्या काही फायलींचा इतिहास

१९९६ ते १९९८ या काळातली माझी एक वही अजून माझ्यापाशी आहे. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरच्या एका दुकानात मी तेव्हा संगणक जोडण्याचे आणि दुरुस्त करण्याचे काम करीत असे. कुणाच्या घरी किंवा कचेरीत जाऊन काय केले याची नोंद संध्याकाळी शेठना दाखवावी लागे, त्यासाठी ही वही. तिच्यात दर दोन-चार पानांनी एकच ओळ भेटते : ‘इंटरनेट बसवले. फ्लॉपी १. रु. ३००.’

‘इंटरनेट बसवणे’ हा शब्दप्रयोग आज गमतीचा वाटेल, पण तेव्हा तो अक्षरशः खरा होता. विदेश संचार निगमने १५ ऑगस्ट १९९५ रोजी मुंबई, दिल्ली, कोलकाता आणि चेन्नई या चार शहरांत सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सेवा सुरू केली. खाती मुख्यतः दोन प्रकारची होती. स्वस्त खात्यात पडद्यावर नुसती अक्षरे येत. महाग खात्यात, म्हणजे टीसीपी/आयपी खात्यात, चित्रांसकट पाने दिसत. गिऱ्हाईक पैसे भरून महाग खाते घेऊन यायचे, मोडेम विकत घ्यायचे, टेलिफोनची तार जोडायचे आणि मग त्यांच्या लक्षात यायचे की विंडोज ३.१ ला इंटरनेट म्हणजे काय हेच ठाऊक नाही. त्या प्रणालीत टीसीपी/आयपी नावाची सोयच नव्हती. मोडेम होता, तार होती, पैसे भरलेले होते. मधला दुवा नव्हता. तो दुवा माझ्या खिशातल्या फ्लॉपीत असे : विन्सॉक.डीएलएल नावाची एक फाइल, तिला चालवणारा टीसीपीमॅन नावाचा छोटा प्रोग्रॅम, आणि मी स्वतः लिहिलेली, विदेश संचारच्या संगणकाला नाव आणि परवलीचा शब्द सांगणारी दहा-बारा ओळींची फाइल. सगळे मिळून एका फ्लॉपीत मावून वर जागा उरे.

तीस वर्षांनंतर या फायली कुणी लिहिल्या, का लिहिल्या आणि कुणाच्या पैशाने लिहिल्या याचा शोध घेताना मला जे सापडले ते इथे मांडतो आहे. माझे शिक्षण या विषयातले नाही. जे शिकलो ते हात काळे करून आणि नंतर जुनी तांत्रिक कागदपत्रे, फायलींच्या डोक्यावर लेखकांनी लिहून ठेवलेल्या टिपा आणि एक न्यायालयीन निकाल वाचून.

आधी ‘लायब्ररी’ या शब्दाचा खुलासा. संगणकाच्या भाषेत लायब्ररी म्हणजे वाचनालय नव्हे. कोकणातल्या गावांत देवळात गावकीची मोठी भांडी असतात : हंडे, पराती, मोठाली पातेली. लग्नकार्यासाठी प्रत्येक घराने ती विकत घ्यायची नसतात. कार्य असेल त्याने न्यावीत, वापरावीत, घासून परत ठेवावीत. डीएलएल फाइल ही तशी सामाईक भांड्यांची खोली. एखाद्या प्रोग्रॅमला जाळ्यावरून काही पाठवायचे असेल तर त्याने स्वतःजवळ ती यंत्रणा बाळगायची नाही; त्या नावाची डीएलएल उघडायची आणि तिच्यातले काम मागायचे. पद्धत सोयीची आहे. तिचा त्रासही गावकीच्या भांड्यांसारखाच आहे, तो पुढे येईल.

जुहूच्या राष्ट्रीय सॉफ्टवेअर तंत्रज्ञान केंद्रात आणि पवईच्या आयआयटीत हा प्रश्न कधी पडला नसावा. एस. रमाणी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८६ पासून अर्नेट हे शैक्षणिक जाळे उभारले. त्या संस्थांत युनिक्सचे संगणक होते. कॅलिफोर्नियातल्या बर्कली विद्यापीठाने १९८३ साली काढलेल्या ४.२ बीएसडी या युनिक्समध्ये जाळे वापरण्याची यंत्रणा प्रणालीच्याच पोटात घातलेली होती. तिला ‘सॉकेट’ म्हणत. प्रोग्रॅमने सॉकेट उघडावे, पत्ता द्यावा, लिहावे, वाचावे. खाली कुठले कार्ड आहे याची चौकशी करण्याचे कारणच नाही. अडचण झाली ती घरगुती संगणकाची. आयबीएम पीसी ऑगस्ट १९८१ मध्ये बाजारात आला तो एकट्याने काम करणारा संगणक म्हणून. त्याच्या डॉस प्रणालीला डिस्क कळे, छापणी यंत्र कळे. जाळे कळत नसे.

तरी जाळ्याची कार्डे पाठोपाठ आलीच. इथरनेटची कल्पना रॉबर्ट मेटकाफ यांनी झेरॉक्सच्या संशोधन केंद्रात २२ मे १९७३ च्या एका टिपणात मांडली होती. १९७९ मध्ये त्यांनी थ्रीकॉम कंपनी काढली आणि १९८२ मध्ये त्या कंपनीचे पीसीत बसणारे कार्ड निघाले. त्याच सुमारास मॅसॅच्युसेट्स तंत्रज्ञान संस्थेत, म्हणजे एमआयटीत, जेरोम सॉल्ट्झर आणि डेव्हिड क्लार्क हे प्राध्यापक आणि जॉन रॉमकी हा विद्यार्थी, अशा मंडळींनी एवढ्याशा पीसीतही टीसीपी/आयपी चालते हे करून दाखवले. तेव्हा ते मोठ्या यंत्रांचे काम समजले जाई.

पण एक गोष्ट अवघड होऊन बसली. प्रत्येक कार्डाची रचना निराळी. त्यामुळे जाळे वापरणाऱ्या प्रत्येक प्रोग्रॅममध्ये प्रत्येक कार्डाची माहिती निराळी भरावी लागे. दहा कार्डे आणि दहा प्रोग्रॅम असतील तर शंभर वेळा तेच काम. शिवाय कार्डाचा ताबा एका प्रोग्रॅमने घेतला की दुसऱ्याला ते वापरता येत नसे. कचेरीतल्या फाइल सर्व्हरशी बोलणारा एक प्रोग्रॅम चालू असताना विद्यापीठाच्या मोठ्या संगणकाशी बोलायचे तर संगणक बंद करून पुन्हा सुरू करायचा.

रॉमकी १९८६ मध्ये एफटीपी सॉफ्टवेअर या कंपनीच्या संस्थापकांपैकी एक झाले. पीसीसाठी टीसीपी/आयपी विकणे हा त्या कंपनीचा धंदा. तिने या अडचणीवर जो तोडगा काढला त्याला ‘पॅकेट ड्रायव्हर’ म्हणतात. मला या सगळ्या इतिहासातला सर्वांत देखणा तुकडा हाच वाटतो, म्हणून थोडे तपशिलात सांगतो. कंटाळा आला तर वाचकाने पुढच्या परिच्छेदावर जावे.

पॅकेट ड्रायव्हर हा एक चिमुकला प्रोग्रॅम. संगणक सुरू होताना तो एकदा चालवायचा. मग तो स्मृतीच्या एका कोपऱ्यात बसून राहतो. सोळाच्या पायाने मोजलेल्या ६० ते ८० या क्रमांकांच्या दारांपैकी एका दाराशी त्याचे बिऱ्हाड. कुठल्या दाराशी, हे आधी ठरलेले नसते. मग शोधायचे कसे? प्रत्येक ड्रायव्हरने दारातून आत शिरताच तीन बाइट सोडून ‘पीकेटी डीआरव्हीआर’ ही आठ खुणेची अक्षरे कोरून ठेवायची. जाळे वापरू इच्छिणारा प्रोग्रॅम एकेका दारात डोकावतो, ही पाटी दिसली की थांबतो आणि म्हणतो : ‘आयपी जातीची पाकिटे आली की मला दे.’ दुसरा प्रोग्रॅम त्याच दाराशी येऊन म्हणतो : ‘नॉव्हेल जातीची मला.’ दोघांचीही सोय होते. आणि पाकीट आले की ड्रायव्हर मालकाला दोनदा हाक मारतो. पहिल्या हाकेला विचारतो, एवढ्या लांबीचे पाकीट आले आहे, कुठे ठेवू? मालक जागा दाखवतो, किंवा जागा नाही म्हणतो आणि मग पाकीट टाकून दिले जाते. दुसऱ्या हाकेला सांगतो, ठेवले. बस्स. बाकी सारा व्यवहार काही मोजक्या विनंत्यांत आटोपतो. १४ सप्टेंबर १९८९ ही तारीख घातलेली १.०९ ही आवृत्ती आजही वाचायला मिळते. ती काही पानांची आहे आणि एखाद्या चांगल्या कारागिराने लिहिलेल्या कृतीसारखी आहे. कुठे पाल्हाळ नाही.

महत्त्वाचे हे की कंपनीने हा नियम स्वतःपुरता ठेवला नाही. कुणीही त्याप्रमाणे ड्रायव्हर लिहावा, कुणीही तो वापरावा. प्रतिस्पर्धी कंपन्याही त्यात आल्या. यात निव्वळ औदार्य होते असे मला वाटत नाही. कार्ड बनवणाऱ्यांनीच ड्रायव्हर लिहिले तर कंपनीचे कष्ट वाचणार होते. पण हिशेबी माणसाच्या हातूनही गावाची विहीर खणली जाते, तसे झाले.

ती विहीर पुढे सांभाळली ती मात्र एका वेगळ्याच माणसाने. न्यूयॉर्क राज्याच्या उत्तरेला पॉट्सडॅम नावाचे गाव आहे, तिथे क्लार्कसन विद्यापीठ. तिथे नोकरीला असलेल्या रसेल नेल्सन यांनी निरनिराळ्या कार्डांचे पॅकेट ड्रायव्हर गोळा करून त्यांचा एक संच केला आणि मूळ लिखाणासकट फुकट वाटला. त्यांनी एक युक्ती केली होती. ड्रायव्हरचा जो भाग सगळ्यांत सारखा असतो तो ‘हेड’ आणि ‘टेल’ अशा दोन फायलींत, म्हणजे डोके आणि शेपूट, आयता लिहून ठेवला. ‘स्केलेटन’, म्हणजे सांगाडा, नावाची तिसरी फाइल. नव्या कार्डाच्या माणसाने सांगाडा घ्यायचा, आपल्या कार्डापुरते मांस भरायचे आणि नेल्सनकडे पाठवून द्यायचे. अशा रीतीने जगभरच्या लोकांनी मिळून तो संच वाढवला. नंतर नेल्सन यांनी क्रिन्वर नावाची कंपनी काढली. ड्रायव्हर फुकटच राहिले, अडल्यानडल्यांना मदत करण्याचे पैसे ते घेत. क्रिन्वर हा वेल्श भाषेतला शब्द आहे, अर्थ ‘क्वेकर’. नेल्सन त्या पंथाचे.

लॅमिंग्टन रोडवर आम्ही हे ड्रायव्हर रोज वापरत होतो. नेल्सन हे नाव आमच्यापैकी एकालाही माहीत नव्हते. आमच्याकडे येणारी बहुतेक जाळ्याची कार्डे ‘एनई२००० कम्पॅटिबल’ असत. एनई२००० हे मुळात नॉव्हेल कंपनीचे कार्ड. नॅशनल सेमिकंडक्टरच्या एका चिपभोवती अगदी साध्या मांडणीने बनवलेले, त्यामुळे नक्कल करायला सोपे. तैवानी कारखान्यांनी त्याच्या असंख्य नकला काढल्या. या कार्डाची कंपनीतून येताना जी मांडणी असे तिच्यात व्यत्यय-रेषा तीन नंबरची असे, आणि पीसीतल्या दुसऱ्या सिरियल पोर्टचीही तीच. म्हणजे पहिल्या पोर्टला माउस, दुसऱ्याला मोडेम आणि खाचेत एनई२००० असे ज्याच्याकडे असेल त्याचा संगणक मधूनच थिजायचा. या एका भांडणावर आमच्या दुकानाने किती पैसे कमावले असतील ते सांगवत नाही. कार्डावरची छोटी टोपी एका काट्यावरून काढून दुसऱ्यावर बसवायची, एवढेच काम असे.

पॅकेट ड्रायव्हर हाच एक नियम राहिला असे नाही. मायक्रोसॉफ्ट आणि थ्रीकॉम यांनी १९८९ मध्ये एनडीआयएस हा आपला नियम काढला, नॉव्हेल आणि ॲपल यांनी ओडीआय काढला. मग एका नियमाचे बोलणे दुसऱ्याला समजावून सांगणारे दुभाषे प्रोग्रॅम आले. त्यांची नावेही आता कुणाला आठवत नसतील आणि आठवण्याची गरजही नाही.

कार्डाशी बोलण्याचा प्रश्न सुटला, पण वरच्या मजल्यावर तोच गोंधळ नव्याने सुरू झाला. १९९० नंतर विंडोजचा प्रसार झाला आणि विंडोजसाठी टीसीपी/आयपी विकणाऱ्या कंपन्या वाढल्या. प्रत्येकीची लायब्ररी निराळी. ई-पत्रे वाचण्याचा प्रोग्रॅम लिहिणाऱ्याने कुठल्या लायब्ररीसाठी लिहावा? ऑक्टोबर १९९१ मध्ये सॅन होजे इथे इंटरॉप हे जाळेवाल्यांचे मोठे प्रदर्शन भरले होते. तिथे १० तारखेला या विषयात रस असणाऱ्यांची एक अनौपचारिक बैठक झाली. मार्टिन हॉल हे या उपक्रमाचे सूत्रधार. सन, मायक्रोसॉफ्ट आणि इतर कंपन्यांची माणसे एकत्र आली आणि त्यांनी ठरवले की लायब्ररी ज्याने त्याने आपली लिहावी, विकावी; पण फाइलचे नाव एकच असेल, विन्सॉक.डीएलएल, आणि तिच्यातल्या कामांची नावे व मागण्याची रीत एकच असेल. जून १९९२ मध्ये पहिली आवृत्ती, जानेवारी १९९३ मध्ये १.१ ही आवृत्ती. कुठल्याही सरकारी किंवा आंतरराष्ट्रीय मंडळाचा शिक्का त्यावर नव्हता.

कामांची नावे त्यांनी बर्कलीच्या सॉकेटवरूनच घेतली, पण जसेच्या तसे उचलता येत नव्हते. विंडोज ३.१ मध्ये सगळे प्रोग्रॅम एकमेकांच्या भलेपणावर चालत. चाळीतल्या एकाच नळासारखे : ज्याची बादली लागली आहे त्याने ती स्वतःहून उचलेपर्यंत बाकीच्यांनी ताटकळायचे. युनिक्सच्या रीतीत ‘वाच’ म्हटले की माहिती येईपर्यंत प्रोग्रॅम तिथेच थांबतो. विंडोजमध्ये तसा थांबला तर अख्खा संगणक थांबणार, माउसचा बाण सुद्धा नुसते घड्याळ होऊन बसणार. म्हणून विन्सॉकमध्ये नवी सोय केली : प्रोग्रॅमने आपली निकड नोंदवायची आणि बाजूला व्हायचे, पाणी आले की लायब्ररी त्याच्या खिडकीवर टकटक करील. जाळ्याचे प्रोग्रॅम लिहिणाऱ्या एका पिढीची विचार करण्याची पद्धत या एका सोयीने बदलली.

आणखी एक शहाणपणाची गोष्ट त्यांनी केली. कुठल्याही प्रोग्रॅमने लायब्ररीला सर्वांत आधी ‘डब्ल्यूएसए-स्टार्टअप’ या नावाने हाक मारायची आणि आपल्याला कुठली आवृत्ती समजते ते सांगायचे. लायब्ररी आपली आवृत्ती सांगते. दोघांचे जुळले तर पुढचे बोलणे. पुढे कितीही बदल झाले तरी जुने प्रोग्रॅम चालत राहावेत म्हणून केलेली ही तजवीज.

आता गावकीच्या भांड्यांचा त्रास. सगळ्यांच्या लायब्ररीचे नाव एकच, त्यामुळे एका संगणकावर दोन कंपन्यांच्या विन्सॉक.डीएलएल येऊन पडत. विंडोज ठरावीक क्रमाने जागा शोधी आणि पहिली सापडेल ती उघडी. एकदा उघडली की त्या नावाची दुसरी उघडत नसे. गिरगावातल्या एका वकिलांकडे मी तीन वेळा खेटे घातले. काल चालणारे इंटरनेट आज चालेना. शेवटी कळले की त्यांच्या मुलाने कुठल्याशा मासिकाच्या चकतीवरचा प्रोग्रॅम टाकून पाहिला होता, आणि त्या प्रोग्रॅमने आपली विन्सॉक.डीएलएल गुपचूप विंडोजच्या कप्प्यात ठेवली होती. ती पुसली, काम झाले. वकीलसाहेब म्हणाले, ‘‘अरे, एवढंच होतं तर पहिल्याच दिवशी का नाही पुसलीस?’’ त्यावर माझ्यापाशी उत्तर नव्हते.

आमच्या फ्लॉपीतली विन्सॉक.डीएलएल होती ‘ट्रम्पेट’. ती लिहिणारे पीटर टॅटम हे ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेकडच्या टास्मानिया बेटावर, होबार्टच्या विद्यापीठात, मानसशास्त्र विभागात प्रोग्रॅमर होते. मानसशास्त्र विभागातून इंटरनेटची लायब्ररी निघावी याचे मला पहिल्यांदा वाचले तेव्हा नवल वाटले. नंतर वाटले, ज्याला गरज पडते तो लिहितो. त्यांनी आधी ट्रम्पेट नावाचा एक वाचक-प्रोग्रॅम डॉससाठी केला होता, त्यावरून हे नाव. ट्रम्पेट विन्सॉक १९९४ मध्ये पसरली. खाली कार्ड असेल तर ती पॅकेट ड्रायव्हरशी बोले, आणि कार्ड नसून नुसता मोडेम असेल तर ‘स्लिप’ या रीतीने टेलिफोनच्या तारेवरून. स्लिपचे लेखी टिपण जून १९८८ चे आहे आणि त्यावर नाव आहे पुन्हा जॉन रॉमकी यांचेच. (याच रॉमकींनी सायमन हॅकेट या ऑस्ट्रेलियन मित्राबरोबर १९९० च्या इंटरॉपमध्ये इंटरनेटवरून चालणारा पाव भाजण्याचा टोस्टर मांडला होता. सांगितल्यावाचून राहवेना.)

ट्रम्पेट विन्सॉक ‘शेअरवेअर’ होती. आधी वापरून पाहा, पटली तर पंचवीस अमेरिकन डॉलर पाठवा. पैसे न भरलेल्या प्रतीच्या पडद्यावर ती नोंदणी न केलेली असल्याचे लिहून येई. मोझेक आणि मग नेटस्केप हे प्रोग्रॅम आले तेव्हा घरच्या विंडोजवर ते चालवायचे तर कुठलीतरी विन्सॉक लागेच, आणि सर्वांत सहज मिळणारी हीच. जगभरच्या सेवादात्यांनी ती आपल्या गिऱ्हाइकांना वाटली, मासिकांनी चकत्यांवरून वाटली. फार थोड्यांनी पैसे पाठवले.

टॅटम यांची कंपनी आणि ओझईमेल हा ऑस्ट्रेलियातला मोठा सेवादाता यांच्यातला खटला तिथल्या संघीय न्यायालयात चालला. १९९६ सालचा न्यायमूर्ती हिरी यांचा निकाल उपलब्ध आहे आणि कायद्याचे शिक्षण नसलेल्यालाही समजेल असा आहे. ओझईमेलने ट्रम्पेट विन्सॉक मासिकाबरोबरच्या चकतीतून वाटली होती, तीही फेरफार करून : काही फायली गाळून आणि आपल्याच सेवेला जोडली जाईल अशी मांडणी करून. टॅटम यांच्या कंपनीची परवानगी नव्हती. शेअरवेअर म्हणजे वाटायला मोकळी, असा बचावाचा रोख. न्यायालयाने तो मानला नाही. मोफत चाखायला देणे म्हणजे हक्क सोडणे नव्हे. वाटायची तर पूर्ण, जशीच्या तशी वाटावी लागते, आणि मालक ‘आता पुरे’ म्हणाला की थांबावे लागते. निकाल ट्रम्पेटच्या बाजूने लागला.

तोवर बाजार मात्र हातचा गेला होता. २४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ आले आणि त्यात टीसीपी/आयपी व विन्सॉक अंगचेच होते. मुंबईत इंटरनेट सुरू झाले त्यानंतर नऊच दिवसांनी! पण आमच्याकडे नवी प्रणाली चालवण्याएवढी मेमरी घ्यायला लोकांपाशी पैसे नव्हते. जुनी ४८६ यंत्रे आणि विंडोज ३.१ आमच्याकडे १९९८ पर्यंत चालत राहिली, आणि माझी फ्लॉपीही.

फ्लॉपीवर नोंदणी न केल्याची सूचना दिसे तेव्हा एखादे चौकस गिऱ्हाईक विचारी, ‘‘हे काय लिहून येतंय?’’ मी शेठना विचारले होते. ते म्हणाले, ‘‘चालतंय ना? मग राहू दे.’’ त्यांना दोष देण्यात अर्थ नाही. हात माझेच होते. डॉलर तेव्हा पस्तीस रुपयांच्या आसपास होता, म्हणजे पंचवीस डॉलरचे पावणेनऊशे रुपये झाले; माझा पगार अठराशे. परदेशी पैसे पाठवायचे तर बँकेत कुठला अर्ज भरायचा हेही आम्हाला ठाऊक नव्हते. ही कारणे खरी आहेत. पण गिऱ्हाइकाकडून तीनशे रुपये घेतले जात होते हेही खरे, आणि ते फाइल बसवण्याचे होते, फाइल लिहिण्याचे नव्हे. २०११ साली टॅटम यांचे जुने ऋण फेडण्यासाठी जगभरच्या वापरकर्त्यांनी देणग्या गोळा केल्या, तेव्हा मी क्रेडिट कार्डाने पंचवीस डॉलर पाठवले. त्यानंतर वही काढून मोजणी केली. नोंदी एकशे त्रेचाळीस निघाल्या.

ज्यांना महाग खाते परवडत नसे त्यांच्यासाठीही जगात युक्त्या निघत होत्या. डॅनी गॅस्पारोव्स्की यांनी १९९५ च्या सुमारास लिहिलेला स्लर्प हा प्रोग्रॅम सेवादात्याच्या युनिक्स संगणकावर, नुसत्या अक्षरांच्या खात्यातून चालवला की घरच्या विन्सॉकला आपण महाग खात्यावरच आहोत असे वाटे. सेवादात्यांना हे अर्थातच रुचत नसे. तोच स्लर्प आज लायब्ररी होऊन क्यूईएमयू या आभासी संगणकाच्या पोटात आहे. एका संगणकात दुसरा चालवताना आतल्याला बाहेरचे जाळे तो दाखवतो. गरिबीतली युक्ती मोठ्या डेटा सेंटरवाल्यांच्या हत्यारपेटीत जाऊन बसली.

कार्डांच्या बाजूला लिनक्सवर हेच काम डोनाल्ड बेकर यांनी केले. लिनक्स १९९१ साली जाहीर झाले तेव्हा त्याला जाळे माहीत नव्हते. बेकर यांनी १९९२ पासून स्वस्त कार्डांचे ड्रायव्हर एकामागून एक लिहिले. एनई२००० च्या ड्रायव्हरच्या डोक्यावर स्वामित्वाची नोंद आहे ती अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेची, म्हणजे चक्क हेरखात्याची, आणि तरीही तो कुणीही वापरावा, बदलावा असा परवाना त्याच्यावर आहे. आत डोकावले तर लॅमिंग्टन रोड भेटतो. अस्सल कार्डाच्या स्मृतीत पत्त्यानंतर ‘डब्ल्यू डब्ल्यू’ अशी दोन खुणेची अक्षरे असावी लागतात. ती नसलेल्या नकली कार्डांची बेकर यांनी ‘वाईट नकलांची यादी’ अशा नावाचीच एक यादी केली : पत्त्याच्या सुरुवातीच्या आकड्यांवरून नक्कल ओळखायची, आणि ओळखून तिला हाकलायचे नाही, चालवून घ्यायचे. पुढे नासाच्या गॉडार्ड केंद्रात थॉमस स्टर्लिंग यांच्याबरोबर १९९४ मध्ये त्यांनी सोळा साधे ४८६ पीसी इथरनेटने जोडून बेओवुल्फ हा संगणक-समूह उभा केला. महासंगणकाचे काम बाजारातल्या स्वस्त मालाकडून करून घेण्याची ती सुरुवात, आणि ते जमले याचे एक कारण असे की कार्डांचे ड्रायव्हर लिहिणारा माणूस त्याच खोलीत बसलेला होता.

बेकर यांनीही आपल्या ड्रायव्हरचा एक ‘स्केलेटन’ लिहून ठेवला होता. १९९६ मध्ये क्रिस्टल कंपनीच्या एका चिपसाठी लिनक्सचा ड्रायव्हर लिहिला गेला. त्याच्या पहिल्या ओळींत लिहिले आहे की हा बेकर यांचा सांगाडा समोर ठेवून लिहिला, आणि लिहिणाऱ्याचे नाव आहे रसेल नेल्सन. दुसऱ्यांसाठी सांगाडा करून ठेवणारा माणूस दुसऱ्याच्या सांगाड्यावर काम करताना असा सापडला तेव्हा मला कोण आनंद झाला! संशोधनाचे म्हणून जे काही सुख असते ते एवढेच.

विन्सॉकची दुसरी आवृत्ती आली, फाइलचे नाव बदलून ‘डब्ल्यूएस२_३२.डीएलएल’ झाले आणि ती आजही प्रत्येक विंडोज संगणकात आहे. आजचा ब्राउझर उघडला की तोही आधी डब्ल्यूएसए-स्टार्टअपची हाक मारतो.

गेल्या पावसाळ्यात डोंबिवलीच्या औद्योगिक वसाहतीतून एका कारखान्याचा फोन आला. तिथल्या एका लेथला जोडलेला जुना डॉसवाला पीसी वीज पडून बिघडला होता. जाळ्याचे कार्ड जळले होते. लेथ चांगला चालतो, तो बदलायचा तर लाखांचा खर्च, आणि त्याचा प्रोग्रॅम दुसऱ्या कशावर चालत नाही. मी घरच्या डब्यातून एक एनई२००० ची नक्कल काढून नेली. व्यत्यय-रेषा तीनवरून पाचवर आणली, नेल्सन यांच्या संचातला ड्रायव्हर टाकला, ६० नंबरचे दार दिले. पडद्यावर कार्डाचा पत्ता उमटला, आणि कचेरीतल्या संगणकावरून आराखड्याची फाइल लेथवर गेली. कारखान्याच्या तरुण पर्यवेक्षकाने विचारले, ‘‘काका, हे सॉफ्टवेअर कुणाचं?’’ मी ड्रायव्हर पुन्हा एकदा चालवला आणि पडद्यावर सगळ्यात वर येणारी नावाची ओळ त्याला वाचायला लावली. त्याने ती मोबाइलवर टिपून घेतली.